चौथा शेवट

सकाळी दहा वाजून दहा मिनिटांनी तनुजा भोयरच्या फोनवर सूचना आली: सावरढोडा फीडर (वीजवाहिनी), आज दुपारी एक ते सहा वीजपुरवठा बंद. तिने ती दोनदा वाचली. नागपुरात त्या वेळी पारा चव्वेचाळीसवर होता आणि दुपारी तो एकोणपन्नासला टेकणार, असं हवामानखातं तीन दिवस ओरडून सांगत होतं. अशा दुपारी पाच तास वीज नाही म्हणजे काय, हे विदर्भातल्या माणसाला समजावून सांगावं लागत नाही.

सावरढोड्यात तिचे बाबा राहत. शेषराव भोयर, निवृत्त लाइनमन, वय चौऱ्याहत्तर. तेहतीस वर्षं खांबांवर चढलेल्या या माणसाची फुप्फुसं आता थकली होती. घरातल्या हवेतून प्राणवायू वेगळा करून नाकाशी आणून देणारं एक यंत्र खाटेशेजारी दिवसभर घरघरत असे. ते विजेवर चाले. वीज गेली की आतली बॅटरी पंचवीस मिनिटं साथ देई, पुढे नाही.

तिने फोन लावला.

"हाव, पाह्यलं मी," बाबा म्हणाले. "तू कायले घाबरून राहिली? पाच तासच तर हाय."

"बाबा, तुमची बॅटरी पंचवीस मिनिटांची आहे."

"मग पंचवीस मिनिटं तं झाली ना? बाकीचं पाहू." पलीकडून खोकल्याची उबळ ऐकू आली. "अन् मी एकलाच हाय का इथं? समाजमंदिरात अकरा म्हातारे आणून बसवले सरपंचबाईनं. दोन कूलर हायेत तिथं. ते बंद झाले तं त्यांचं काय?"

तिने रुग्णवाहिकेला फोन केला. सगळ्या गाड्या उष्माघाताच्या रुग्णांमागे धावत होत्या. चार वाजेपर्यंत एकही मोकळी होणार नव्हती. सावरढोडा सत्तर किलोमीटरवर. स्वतः गाडी घेऊन गेली असती, तरी या उन्हात प्राणवायूशिवाय बाबांना सत्तर किलोमीटर आणायचं म्हणजे जिवाशी खेळण्यासारखंच होतं. मग तिने त्या सूचनेखालचं 'कारण पाहा' हे बटण दाबलं. कोणी दाबत नाही ते. तिनेही आजवर कधी दाबलं नव्हतं.

कारण एकाच ओळीत होतं. निवाडा प्रणाली. आधार: 'उजाड', शेवटची मोहीम, शेवट क्रमांक तीन. पसंती एकसष्ट टक्के.

'उजाड' हा खेळ तिच्या कंपनीने बनवला होता. आणि त्याचे तिन्ही शेवट तिने स्वतः लिहिले होते.

हे कसं घडलं ते सांगायला हवं. पाच वर्षांपूर्वीच्या उन्हाळ्यांपासून वीज सगळ्यांना पुरेनाशी झाली. कोणाची तोडायची, हे यंत्र ठरवू लागलं, आणि लोक सबस्टेशनांवर दगड घेऊन गेले, की हे यंत्राला कोणी विचारलं? मग सरकारने लोकांनाच विचारायचं ठरवलं. पण पाहणीत माणूस खरं बोलत नाही. समोर कागद आला की सगळेच दानशूर होतात. तेव्हा काही संशोधकांनी दाखवून दिलं, की एखाद्या खेळात चाळीस तास घालवलेला, त्यातल्या माणसांत जीव गुंतलेला खेळाडू जी निवड करतो, ती खऱ्या टंचाईत माणसं करतात त्या निवडीशी पुष्कळ जुळते. साठ लाख लोकांनी खेळलेला एक खेळ त्यांना आयताच सापडला. त्यातल्या निवडींवरून शिकवलेल्या प्रणालीचं नाव ठेवलं निवाडा.

'उजाड'मध्ये जग संपून गेलेलं असतं. खेळाडू राखेतून, कोरड्या नद्यांतून हिंडतो, वस्त्यांना मदत करतो किंवा लुबाडतो. त्याने कुठे औषध पोचवलं, कुठे विहिरीचं कुलूप फोडलं, याची खेळ गुपचूप नोंद ठेवतो, आणि शेवटी प्रत्येक वस्तीचं काय झालं ते त्या नोंदींवरून ठरतं. पण मोठा शेवट ठरतो शेवटच्या मोहिमेत. खेळाडू जगातल्या एकमेव चालू जनित्रापाशी येतो. त्याच्यावर तीनपैकी दोनच वस्त्या चालू शकतात. दवाखान्याचं काचनगर, कारागिरांची गोदामवाडी, आणि तारेच्या अगदी टोकाला खांबटोली: थोडी घरं, म्हातारी माणसं आणि एक लाइनमन. दारावर पाटी असते, 'इथून पुढे परत येता येत नाही. खेळ साठवून ठेवा.' आत तीन खटके. एक पाडायचा, दोन चालू ठेवायचे. निवाडा प्रत्येक खरा फीडर यांतल्या एका वस्तीच्या गटात टाकतो; सावरढोडा खांबटोलीच्या गटात पडलं होतं.

खांबटोलीचा खटका पाडला, म्हणजे शेवट क्रमांक तीन निवडला, की तो म्हातारा लाइनमन विझलेल्या वस्तीतून चालत जातो, शेवटच्या खांबावर चढतो आणि तिथून दूरवर लुकलुकणारं काचनगर बघत एक गाणं गुणगुणतो. ते गाणं बाबांचं होतं. त्यांची पाठ, त्यांची पिशवी, खांबाला हात लावून नमस्कार करायची त्यांची सवय, सगळं तिने उचलून तिथे ठेवलं होतं. लोक रडले. तिला बक्षीस मिळालं. बाबांनी मात्र तो भाग कधी पाहिला नाही. "मी इथं जित्ता बसलो, अन् तू मले तिथं मारून राहिली?" एवढंच म्हणाले होते.

इरफान शेख तिच्या शेजारच्या टेबलावर बसे. खेळाची सगळी आकडेवारी त्याच्या हातात. तिने त्याला सूचना दाखवली तेव्हा साडेदहा वाजले होते.

"एकसष्ट टक्के?" तो म्हणाला. "शक्यच नाही यार. एवढे लोक दुष्ट नसतात."

दहा मिनिटं तो पडद्यावर रकाने सरकवत होता. मग त्याने खुर्ची मागे घेतली.

"तनुजा, हे लोक दाराबाहेर खेळ साठवतात. पहिल्यांदा आपल्याला योग्य वाटतं ते निवडतात. मग परत दाराशी येतात आणि बाकीचे शेवट बघतात. तुझा लाइनमन बघायला तर लोक चार-चार वेळा आलेत. आपण बिल्लाही ठेवला होता ना, सगळे शेवट पाहणाऱ्याला? निवाड्यानं ती प्रत्येक खेप पसंती म्हणून मोजली."

"म्हणजे मी तो शेवट चांगला लिहिला म्हणून..."

"हाव."

आणखी एक गोष्ट तिला आठवली, आणि ती तर विसरण्यासारखी नव्हतीच. दोन वर्षांपूर्वी निवाडा योजनेकडून एक अर्ज आला होता. प्रत्येक शेवटासमोर रकाना होता: हा शेवट अनुकरणीय आहे की इशारा म्हणून आहे? तनुजाला राग आला होता. आपण कथा लिहितो, शिकवणी घेत नाही, असं म्हणून तिने तिन्ही रकान्यांत ठसक्यात 'लागू नाही' लिहून दिलं होतं. त्या ठसक्याचं तिला तेव्हा फार कौतुक वाटलं होतं. आज तिला स्वतःच्या दोन मुस्काटात माराव्याशा वाटल्या.

"फक्त पहिल्या खेपेच्या निवडी मोजल्या तर?" तिने विचारलं.

इरफानने आकडे पुन्हा मांडले. "तर खांबटोली चौदा टक्क्यांवर येते. तुझे बाबा वाचतात." त्याने चष्मा काढून पुसला. "आणि मग पहिला नंबर गोदामवाडीचा. खऱ्या फीडरांच्या यादीत गोदामवाडी म्हणजे पावरलूमच्या वस्त्या. पत्र्याची घरं. आमचा मोहल्ला त्यात येतो. अम्मी घरीच आहे."

हे त्याला लपवता आलं असतं. तनुजाला ते कळलं, आणि तिला त्याच्याकडे बघवेना. वीज कमी होती हे तर खरंच होतं. कोणाची तरी जाणारच होती. तिनेच बांधलेल्या त्या तीन खटक्यांच्या खोलीत ती आता उभी होती, आणि दाराबाहेर काही साठवून ठेवलेलं नव्हतं.

अकरा वाजता तिने भार नियंत्रण केंद्राला फोन लावला. लांजेवार नावाचे अधिकारी होते, आवाजावरून रात्रभर न झोपलेले.

"मॅडम, तुम्ही म्हणता ते खरं असेल," सगळं ऐकून ते म्हणाले. "पण प्रणालीचं मोजमाप बदलायचं तर समिती बसते. दोन दिवस लागतात."

"तुम्ही हातानं काहीच बदलू शकत नाही?"

"शकतो. यादीतला कुठलाही पर्याय मी सही करून निवडू शकतो. पण यादी म्हणजे तुमच्या खेळाचे शेवट. तीन आहेत. काचनगर पाडू का? त्यात चार दवाखाने आहेत माझ्याकडे."

फोन ठेवून तिने बाबांना लावला; कशासाठी, ते तिलाही सांगता आलं नसतं. सगळी हकिगत सांगितली, आपली चूकसुद्धा.

बाबांनी ऐकून घेतलं. यंत्राची घरघर मधून येत होती.

"पण मले एक सांग," ते म्हणाले, "हे एकाचीच कायले तोडून राहिले? आमच्या टायमाले आठ फीडर होते अन् वीज सहाची. आम्ही पाळी लावो. अर्धा तास याची, अर्धा तास त्याची. लोक शिव्या देत, पण घड्याळ पाहून देत. अर्ध्या तासानं आपली येते, हे सगळ्याले मालूम राहे."

"बाबा..."

"अन् पहिली पाळी आपल्या गल्लीची. तुही आई बोंबलायची. पण ज्याच्या हातात स्विच, त्यानं आपल्या घराची पयले पाडली, का मंग कोणी तोंड नाही उघडत."

तनुजा उठून उभी राहिली. "इरफान, चौथा शेवट कुठे आहे?"

कारण चौथा शेवट होता. खेळ तयार होत असताना तिने तोही लिहायला घेतला होता: खेळाडू कोणाचाच खटका कायमचा पाडत नाही, तिन्ही वस्त्या आळीपाळीने अंधारात बसतात. चाचणीला दोनशे बारा जण बसले, त्यातल्या एकशे सत्तरांनी तोच निवडला. आणि मग सगळे एकच म्हणाले, की शेवटाला मजा नाही आली. काही घडलंच नाही. दिग्दर्शक हसून म्हणाला होता, चाळीस तास खेळवून लोकांच्या हातात टाइमटेबल द्यायचं का? तनुजाही हसली होती. तिचा जीव लाइनमनच्या खांबावर अडकला होता. चौथा शेवट तिने स्वतःच्या हाताने काढून टाकला, आणि निवाडा जग तिच्या खेळातून शिकला, त्यामुळे पाळी नावाची गोष्ट जगात असते हे त्याला कोणी सांगितलंच नाही.

"खटक्यांचा भाग शाबूत आहे," इरफान जुन्या कपाटात हात घालावा तसा फायलींमध्ये शोधत होता. "पण लेखन कुठे आहे? प्रत्येक वस्तीचं पुढे काय झालं, ते तू लिहिलंच नाहीस."

तिने पुन्हा फोन लावला तेव्हा लांजेवारांनी अट सांगितली. प्रसिद्ध झालेल्या खेळात तो शेवट पाहिजे, आणि प्रत्येक वस्तीचे परिणाम लिहिलेले पाहिजेत. त्याशिवाय निवाडा तो यादीत घेत नाही. "साडेबारापर्यंत आला तर मी सही करतो. फीडरांची वेळ भरायला मला अर्धा तास लागतो. आणि पाळी तीस मिनिटांच्या खाली नेऊ नका. वीज आली की सगळे कूलर, सगळे एसी एकदम चालू होतात. तो धक्का घडीघडी दिला तर पूर्ण लाइनच बसेल."

"पंचवीस नाही का होणार?"

"नाही हो मॅडम. का?"

"काही नाही," तनुजा म्हणाली.

पावणेबारा झाले होते. ती लिहायला बसली. मरण लिहिण्यात तिचा हातखंडा होता. सात वर्षांत तिने शेकडो वस्त्या हसत हसत उजाड केल्या होत्या. आज बोटं चालेनात. बारा वाजता तिने एक पान कसंबसं पुरं केलं. काचनगरात दवाखाने जनित्रांवर तगले. गोदामवाडीत बायकांनी पत्र्यांवर ओली गोणपाटं टाकली. खांबटोलीत म्हातारे एकमेकांना पंख्याने वारा घालत बसले. कोणीही दगावलं नाही.

इरफानने ते चढवलं. सात मिनिटांनी निवाड्याचा शेरा आला: परिणाम अपूर्ण. माझ्या हिशेबाशी जुळत नाहीत.

"गोड लिहिलेलं त्याला चालत नाही," इरफान म्हणाला. "लोकांना फसवू नये म्हणून तशी सोय केली आहे. तो स्वतः अंदाज काढतो आणि ताडून पाहतो. काय होऊ शकतं ते लिहावं लागेल. प्रत्येक वस्तीचं."

"मला नाही लिहिता येणार ते."

"तुला येतं," तो हळूच म्हणाला. "गोदामवाडीचं मी सांगतो. पत्र्याच्या घरात अर्ध्या तासात किती चढतं, ते मला माहीत आहे."

त्याने सांगितलं, तिने लिहिलं. काचनगरचं तिने लिहिलं: लिफ्टमध्ये अडकलेली बाई, जनित्र सुरू व्हायला लागलेलं दीड मिनिट. मग खांबटोली उरली. घड्याळात बारा चोवीस. तिने डोळे पुसले आणि आयुष्यातली सगळ्यात साधी दोन वाक्यं लिहिली. 'खांबटोलीत एका म्हाताऱ्याच्या यंत्राची बॅटरी पंचवीस मिनिटांची होती. पाळी तीस मिनिटांची होती.'

बारा एकोणतीसला शेरा आला: परिणाम मान्य. शेवट क्रमांक चार यादीत घेतला.

लांजेवारांनी सही केली. "दहा फीडर, एक ते सहा, प्रत्येकाला एकदाच अर्धा तास. क्रम कसा लावू?" त्यांनी विचारलं. "पहिली पाळी कोणाची?"

तनुजाने बाबांना विचारलं होतं. ते म्हणाले होते, "आपली घे. बॅटरी आत्ता भरेल हाय, अन् मीबी ताजा हाय. चार वाजताच्या उन्हात मी नाही टिकणार. अन् स्विच तुह्या हातात हाय ना? मंग सोपं हाय."

"सावरढोडा," ती म्हणाली. "आणि दुसरी आमच्या ऑफिसच्या फीडरची."

एक वाजता बाबांचा फोन चालूच होता. पलीकडे कूलरचा आवाज बसत बसत थांबला. "गेली," बाबा म्हणाले. प्राणवायूचं यंत्र एकदा टुणटुणलं आणि बॅटरीवर घरघरू लागलं. सोबतीला येऊन बसलेल्या शेजारणींपैकी एक बाई म्हणत होती, भोयरबुवा, फडकं भिजवून देऊ का? ते हो म्हणाले. मग पंचवीस मिनिटं ते सावरढोड्याच्या गोष्टी सांगत राहिले आणि तनुजाला त्यातला एक शब्द कळला नाही. ती घड्याळाकडे बघत होती. इरफान तिच्याजवळ येऊन बसला होता. त्याच्या मोहल्ल्याची पाळी अडीचला होती.

एक पंचवीसला यंत्राने लांब शिट्टी दिली आणि घरघर थांबली.

"बाबा, बोलू नका आता. हळू श्वास घ्या."

"सबस्टेशनपासून..." बाबा म्हणाले, "गावापावतो... बासष्ट खांब. मोजतो. तू ऐक." आणि ते मोजू लागले. एक. दोन. प्रत्येक आकड्याआधी श्वास ओढल्याचा आवाज येई. वीसपर्यंत आवाज नीट होता. तिसाच्या पुढे आकड्यांमधलं अंतर वाढलं. एकोणचाळीस. चाळीस. एक्केचाळीस तिने ऐकला की तिला वाटला, हे तिला सांगता आलं नसतं. पुढे काहीच नाही.

"बाबा?"

बाई कोणाला तरी हाक मारत होती. भांडं पडल्याचा आवाज झाला. एक अठ्ठावीस. तनुजाने टेबलाची कड घट्ट धरली. दाराशी परत जाऊन पुन्हा पहिल्यापासून सुरू करायची तिला आयुष्यभर सवय होती, आणि ती सवय या क्षणी तिच्या बोटांत वळवळत होती. एक एकोणतीस. तिने डोळे मिटले.

मग फोनमधून घर्रर्र आवाज आला. कूलरचा पंप. त्यापाठोपाठ यंत्राची टुणटुण, आणि तिला लहानपणापासून न आवडणारा तो खोकला, लांबलचक, ओला, थांबता थांबेना असा. ती रडत होती आणि हसत होती. पलीकडे बायका एकदम बोलत होत्या.

इकडे डोक्यावरचा पंखा मंदावला. तिचा पडदा काळा झाला, एसीचा आवाज गेला, आणि चौथ्या मजल्यावरच्या काचेतून ऊन तसंच आत आलं. इरफानने उठून खिडकीचा पडदा ओढला.

"तनू," बाबांचा आवाज आला, तुटका, पण आला. "आता कोणाची गेली?"

"आमची, बाबा," ती म्हणाली.